नव्या चव्हाट्याची वार्ताहर

फेब्रुवारी २०२० च्या उत्तरार्धातली गोष्ट. चीनमधल्या साथीच्या बातम्या आतल्या पानांवरून हळूहळू पहिल्या पानाकडे सरकत होत्या. दुपारच्या चहाच्या वेळी आमच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्याने 'न्यूयॉर्क टाइम्स'मधला एक लेख छापून आणला आणि टेबलावर टाकला. लेख होता अमेरिकेत अटलांटाजवळच्या एका उपनगरात राहणाऱ्या चौदा वर्षांच्या मुलीविषयी. जलाया हार्मन हे तिचे नाव. तिने २०१९ च्या सप्टेंबरात स्वतःच्या घरी एक छोटा नाच बसवला, त्याला 'रेनिगेड' म्हणू लागले, आणि काही महिन्यांत टिकटॉक या ॲपवर लक्षावधी मुलेमुली तो नाच करू लागली. त्या नाचावर इतर मुली प्रसिद्ध झाल्या, त्यांना जाहिराती मिळाल्या. मूळ नाच बसवणारी ही कृष्णवर्णीय मुलगी मात्र कोणाच्या खिजगणतीतही नव्हती. लेखात एवढेच होते. "जगातल्या सर्वांत गंभीर पत्राला आता शाळकरी पोरींच्या नाचावर जागा खर्च करावीशी वाटते," असे म्हणून सहकारी हसले. मीही हसलो.

त्या हसण्याची आठवण पुढे अनेकदा झाली आणि दर वेळी ती थोडी अधिक बोचली. म्हणून हा लेख.

ती बातमी लिहिणाऱ्या वार्ताहराचे नाव टेलर लॉरेन्झ. त्या बातमीनंतर आठवड्याभरात हार्मनला शिकागोत बास्केटबॉलच्या मोठ्या सामन्याच्या सोहळ्यात नाचण्यासाठी बोलावले गेले. ज्यांनी तिचा नाच उचलला होता, त्यांनी तिचे नाव घ्यायला सुरुवात केली. मूळ कर्त्याला श्रेय देण्याची रीतसर सोय टिकटॉकने २०२२ साली केली. आपल्याकडच्या वाचकाला यात नवल वाटू नये. शेवटच्या चरणात आपली नाममुद्रा गुंफण्याची रीत आपल्या संतांनी आणि शाहिरांनी पाळली, ती काही हौसेखातर नव्हे. तुकोबांच्या हयातीतच सालोमालो नावाचा इसम त्यांच्या अभंगांवर स्वतःची मुद्रा ठोकून कीर्तने करीत होता, अशी परंपरेची साक्ष आहे. मौखिक परंपरेत जे सालोमालोने केले, तेच या नव्या मौखिक परंपरेत कोणीही बसल्या जागी, एका बोटाने करू शकतो. श्रेय कोणाचे आणि पैसा कोणाचा हा प्रश्न जुनाच आहे, आणि तो वर्तमानपत्राचा प्रश्न नाही असे म्हणणाऱ्याने वर्तमानपत्र कशासाठी असते तेही सांगावे.

लॉरेन्झच्या कारकिर्दीकडे जरा तपशिलाने पाहायला हवे. कारण ती एका व्यक्तीची कहाणी नसून एका 'बीट'ची कहाणी आहे. आपल्याकडे क्राइम, महापालिका, मंत्रालय, शिक्षण, सहकार अशी बीटे असतात. इंटरनेटवरची माणसे काय करतात, कशी बोलतात, कोणाला डोक्यावर घेतात, कोणाला तुडवतात, एवढेच पाहणारा वार्ताहर ही कल्पना तीसएक वर्षांपूर्वी अमेरिकेतही विचित्र वाटली असती. तिथे तिला 'इंटरनेट कल्चर' म्हणतात. मराठीत 'संस्कृती' म्हटले की डोळ्यांपुढे नाट्यसंमेलन, नाही तर दिवाळी पहाट येते. हा विषय त्यापेक्षा पार, पाणवठा आणि चव्हाटा यांच्या अधिक जवळचा आहे. गावात काय शिजते आहे हे जिथे आधी कळते, ती ही जागा.

या बीटाचा जन्म कधी झाला हे नेमके सांगणे कठीण. पण माझ्या मते १९९३ साल धरायला हरकत नाही. त्या वर्षाच्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या 'व्हिलेज व्हॉइस' या साप्ताहिकात ज्युलियन डिबेल यांचा एक दीर्घ लेख आला. 'लॅम्डामू' नावाच्या, केवळ शब्दांनी उभ्या केलेल्या एका संगणकीय जगात एका सदस्याने इतर सदस्यांच्या पात्रांवर लैंगिक अत्याचार 'लिहिले'. कोणाच्या शरीराला धक्का लागला नव्हता. पण ज्यांच्यावर तो प्रसंग आला त्या खऱ्या माणसांना खरे रडू कोसळले होते. मग त्या जगातल्या नागरिकांनी सभा भरवली, शिक्षा काय असावी यावर वाद घातला. डिबेल यांनी याकडे यंत्राची गंमत म्हणून पाहिले नाही. एखाद्या गावातल्या पंचायतीचे वृत्त द्यावे तसे ते वृत्त दिले. त्या वेळी भारतात सर्वसामान्यांना इंटरनेट उपलब्धच नव्हते. विदेश संचार निगमची सेवा सुरू झाली १५ ऑगस्ट १९९५ रोजी. म्हणजे आपल्याकडे रस्ता होण्याच्या आधीच तिकडे त्या रस्त्यावरच्या गुन्ह्याची बातमी लिहून झाली होती.

लॉरेन्झ ही त्यानंतरच्या पिढीची. कनेटिकटमधल्या सुखवस्तू गावात वाढलेली. पदवी हाती आली तेव्हा २००८ च्या मंदीने नोकऱ्या खाल्लेल्या. कॉल सेंटर, तात्पुरती कामे असे चालू असताना कोणी तरी 'टम्ब्लर' दाखवले आणि ती तिथे रमली. पत्रकारितेत ती वार्ताहर म्हणून आलीच नाही, समाजमाध्यमे सांभाळणारी म्हणून 'डेली मेल'च्या अमेरिकी शाखेत आली. आपल्याकडच्या वृत्तपत्र कचेऱ्यांत 'डिजिटल'वाल्या मुलामुलींना कोपऱ्यातली टेबले मिळतात, तसाच हा प्रकार. बातमी लिहिणारे वेगळे आणि ती इंटरनेटवर 'टाकणारे' वेगळे, आणि दुसऱ्यांची जात पहिल्यांपेक्षा खालची. गंमत अशी की बातम्या टाकता टाकता या लोकांना वाचक कसा वागतो ते दिसत होते, आणि वरच्या टेबलांना ते दिसत नव्हते.

मग 'बिझनेस इन्सायडर', 'मिक', 'द हिल', 'डेली बीस्ट', 'अटलांटिक' अशी मजल दरमजल झाली. यातल्या दोन टप्प्यांचा उल्लेख केला पाहिजे. पहिला २०१६ च्या ऑक्टोबरातला. 'व्हाइन' नावाचे सहा सेकंदांच्या चित्रफितींचे एक ॲप होते आणि ते ट्विटरच्या मालकीचे होते. ते बंद होणार असे जाहीर झाले तेव्हा लॉरेन्झने 'मिक'मध्ये आतली हकिकत लिहिली. व्हाइनवरचे अठरा अव्वल कलाकार आधीच्या वर्षी एकत्र जमून कंपनीला भेटले होते. प्रत्येकाला बारा लाख डॉलर द्या, त्या बदल्यात आम्ही महिन्याला ठराविक बारा चित्रफिती देऊ. नाही तर आम्ही निघालो, अशी त्यांची मागणी. कंपनीने नकार दिला, मंडळी निघून गेली, आणि वर्षभरात ॲप आटोपले. गिरणगावात वाढलेल्या वाचकाला ही हकिकत ओळखीची वाटेल, फरक एवढाच की इथे कामगार दुसऱ्या गिरणीत जाऊन श्रीमंत झाले आणि मालकाची गिरणी बसली. इंटरनेटवर मजा करणारी पोरे ही वास्तविक मजूर आहेत, त्यांच्या श्रमावर कंपन्या उभ्या आहेत, आणि त्यांच्यात संघटना, फूट, हरताळ सगळे काही होते, हे ज्यांनी बातमीतून मांडले त्यांत तिचे नाव बरेच वर घ्यावे लागेल. २०२३ च्या ऑक्टोबरात आलेल्या तिच्या 'एक्स्ट्रीमली ऑनलाइन' या पुस्तकाचे मुख्य प्रतिपादनही हेच: ही माध्यमे कंपन्यांच्या संस्थापकांनी घडवली नाहीत, ती वापरणाऱ्यांनी घडवली, संस्थापक बहुधा वापरणाऱ्यांच्या मागून धापा टाकत आले.

दुसरा टप्पा शार्लट्सव्हिलचा. १२ ऑगस्ट २०१७ रोजी व्हर्जिनियातल्या या गावात गौरवर्णीय वर्चस्ववाद्यांच्या मेळाव्याच्या दिवशी, विरोधकांच्या जमावात मोटार घुसवली गेली आणि एक तरुणी ठार झाली. 'द हिल'साठी लॉरेन्झ तिथून थेट चित्रण करीत होती. एका इसमाने तिच्या तोंडावर ठोसा मारला. त्याला अटक झाली. इंटरनेटच्या काळोख्या कोपऱ्यांत, विनोदाच्या आवरणाखाली वर्षानुवर्षे जे शिजत होते, ते आदल्या रात्री हातात मशाली घेऊन रस्त्यावर आले होते. त्या कोपऱ्यांवर नजर ठेवणारे मूठभर वार्ताहर सोडले तर बाकीची अमेरिकी वृत्तपत्रे "ही माणसे आली कुठून?" असे विचारीत राहिली.

२०१९ मध्ये ती 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये गेली. त्याच ऑक्टोबरात तिने 'ओके बूमर' या दोन शब्दांवर लिहिले. तरुणांनी वडीलधाऱ्यांच्या उपदेशाला दिलेला हा तुटक जबाब, आपल्याकडच्या 'बरं, आजोबा' सारखा. पुढच्याच महिन्यात न्यूझीलंडच्या एका तरुण खासदार बाईंनी भर संसदेत तो शब्द वापरला. २० जून २०२० रोजी ओक्लाहोमातल्या टल्सा येथे डोनाल्ड ट्रम्प यांची प्रचारसभा झाली. दहा लाखांवर लोकांनी तिकिटे मागितली आहेत असा प्रचारप्रमुखांचा डांगोरा होता. एकोणीस हजारांच्या सभागृहात अग्निशमन दलाच्या मोजणीनुसार जेमतेम सहा हजार दोनशे माणसे आली. टिकटॉकवरच्या पोरांनी आणि कोरियन गाण्यांच्या चाहत्यांनी न येण्यासाठीच नावे नोंदवली होती, ही बातमी दुसऱ्या दिवशी लॉरेन्झ आणि तिच्या दोन सहकाऱ्यांनी दिली. इथे एक खुलासा करायला हवा. पोरांच्या खोडीमुळे खुर्च्या रिकाम्या राहिल्या असे म्हणता येत नाही. जागा राखीव नव्हत्याच, पहिला येईल तो आत. खोडीने फुगला तो आकडा, आणि फजिती झाली ती फुगलेल्या आकड्यावर विश्वास ठेवणाऱ्यांची. पण निवडणूक प्रचाराच्या यंत्रणेला शाळकरी मुले हातोहात फसवू शकतात, ही राजकीय बातमी होती आणि ती राजकीय वार्ताहरांच्या हाती लागली नाही.

इथवर ही चढती कमान. पुढचा भाग अधिक गुंतागुंतीचा आहे.

गावच्या पाणवठ्यावरचे भांडण लिहिणारा वार्ताहर त्या गावात राहत नसतो. तो एस. टी. ने येतो आणि संध्याकाळच्या गाडीने परततो. लॉरेन्झच्या बीटात परतीची गाडी नाही. ज्यांच्याविषयी लिहायचे ते जिथे असतात तिथेच हिनेही असायचे. त्यांच्यासारखेच अनुयायी जमवायचे, त्यांच्याच भाषेत बोलायचे. नाही तर तिच्याशी बोलणार कोण? परिणामी वार्ताहर स्वतःच एक पात्र बनतो. मार्च २०२१ मध्ये महिला दिनाच्या सुमारास तिने आपल्याला होणाऱ्या छळाविषयी लिहिले, तेव्हा फॉक्स न्यूजवर टकर कार्लसन यांनी, लक्षावधी प्रेक्षकांपुढे, तिची यथेच्छ टिंगल केली. त्यानंतर काय काय झाले असेल याची कल्पना समाजमाध्यमांवर एकदा तरी झुंडीला सामोऱ्या गेलेल्या कोणाही बाईला करता येईल. तिच्या कुटुंबीयांपर्यंत धमक्या गेल्या.

तिच्या हातून चुकाही झाल्या, आणि त्या झाकण्याचे कारण नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये 'क्लबहाउस' या आवाजी गप्पांच्या ॲपवर मार्क अँड्रीसन या बड्या गुंतवणूकदाराने अपशब्द वापरला असे तिने जाहीर केले. तो शब्द त्यांनी उच्चारलेला नव्हता. तिला ते मागे घ्यावे लागले. २०२२ मध्ये ती 'वॉशिंग्टन पोस्ट'मध्ये गेली. जूनमध्ये तिथे जॉनी डेप खटल्यावरच्या तिच्या लेखात, दोन यूट्यूबवाल्यांकडे प्रतिक्रिया मागितल्याचे विधान छापले गेले. ती मागितलेली नव्हती. पत्राला दुरुस्ती करावी लागली, आणि तीही आधी गुपचूप आणि मग उघडपणे, त्यामुळे आणखी शोभा झाली. 'प्रतिक्रिया मागितली होती का?' हा प्रश्न शिकाऊ वार्ताहराला पहिल्या आठवड्यात विचारला जातो. या बाबतीत मी जुन्या वळणाचा आहे.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये तिने 'लिब्ज ऑफ टिकटॉक' या निनावी खात्यामागची व्यक्ती कोण ते उघड केले. समलिंगी आणि पारलिंगी लोकांच्या, विशेषतः शिक्षकांच्या चित्रफिती उचलून त्यांच्यावर झुंड सोडणारे हे खाते. त्यावरून दूरचित्रवाणीचे कार्यक्रम आणि राजकारण्यांची भाषणे बेतली जात होती. बातमी देताना ती त्या बाईच्या नातेवाइकांच्या दारापर्यंत गेली. 'दोनच आठवड्यांपूर्वी स्वतःच्या छळाबद्दल टीव्हीवर डोळे पुसणारी बाई आता दुसरीचे नाव चव्हाट्यावर आणते,' असा गदारोळ झाला. पोस्टने तिची पाठराखण केली. माझे मत असे की बातमी योग्य होती. ज्याच्या शब्दावर कायदे हलतात तो निनावी नागरिक राहत नाही. तो सत्तेचा भाग होतो, आणि सत्तेचे नाव विचारणे हाच आपला धंदा आहे. पण टीकाकारांच्या म्हणण्यात एक कण खरा आहे. पूर्वी नाव छापणे आणि त्या नावाच्या माणसाच्या घरावर दगड पडणे यांत काही तासांचे, काही मैलांचे अंतर होते. आता ते उरलेले नाही, आणि या बीटातल्या वार्ताहराला हे इतरांपेक्षा जास्त ठाऊक असते.

ऑगस्ट २०२४ मध्ये तिच्या खासगी वर्तुळापुरत्या एका इन्स्टाग्राम चित्रात अध्यक्ष बायडन यांना 'युद्धगुन्हेगार' ठरवणारे शब्द झळकले. पत्राने चौकशी लावली. ऑक्टोबरात ती पोस्ट सोडून स्वतःचे 'युजर मॅग' हे वृत्तपत्रिकावजा प्रकाशन चालवू लागली. वाचक थेट वर्गणी देतो, मध्ये संपादक नाही. त्याआधी दीड वर्ष, २०२३ च्या एप्रिलमध्ये, याच बीटाची शाळा मानले जाणारे 'बझफीड न्यूज' बंद होणार असे जाहीर झाले होते. आणि योगायोग असा की त्याच महिन्यात कार्लसन यांनाही फॉक्सने नारळ दिला आणि तेही स्वतःचे दुकान मांडून बसले. एकमेकांचे हाडवैरी, पण अर्थव्यवस्थेने दोघांना एकाच फुटपाथवर आणले.

या दुकानदारीत धोका उघड आहे. वर्गणीदाराला आवडेल तेच लिहिण्याचा मोह कसा टाळायचा? डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कला एका आरोग्यविमा कंपनीच्या प्रमुखाचा खून झाल्यावर ती जे बोलली, ते संपादकाच्या हाताखाली असती तर बोलली नसती, आणि बोलू नये असे मलाही वाटते. परंतु ऑगस्ट २०२५ मध्ये 'वायर्ड'मध्ये तिनेच बातमी दिली की डेमोक्रॅटिक पक्षाच्या बाजूने बोलणाऱ्या इंटरनेटवरच्या काही लोकप्रिय मंडळींना एका छुप्या निधीतून महिन्याला आठ हजार डॉलरपर्यंत मिळत होते, आणि देणाऱ्याचे नाव सांगायचे नाही अशी अट होती. तिच्या वर्गणीदारांतले पुष्कळजण याच बाजूचे असणार. ते खवळले. तेव्हा वार्ताहर अजून शिल्लक आहे, असे मी म्हणेन.

आता आपल्याकडे. मराठी वृत्तपत्रांत 'व्हायरल' हे सदर असते, संकेतस्थळांवर तर त्याचीच रेलचेल. पण तिथे इंटरनेट हा बातमीचा कच्चा माल आहे, विषय नव्हे. अमक्याचा व्हिडिओ पाहा, तमकीचा नाच पाहा. तो कोणी केला, कोणी उचलला, कोणी कापला, कोणाला पैसे मिळाले, हे विचारणारा माणूस नाही. वास्तविक महाराष्ट्राइतका समृद्ध प्रदेश या बीटाला क्वचित मिळेल. मालेगावात यंत्रमागावरची पोरे २००० साली 'मालेगाव के शोले' काढत होती. त्याच मालेगावातून पुढे यूट्यूबवर छोटूदादाच्या चित्रफिती निघाल्या आणि त्या कोट्यवधी वेळा पाहिल्या गेल्या. अहिराणी गाण्यांची यूट्यूबवरची उलाढाल पाहिली तर भाषा मरते आहे म्हणणाऱ्यांनी तोंडात बोट घालावे. २९ जून २०२० रोजी केंद्र सरकारने टिकटॉकसह ५९ चिनी ॲप बंद केली, तेव्हा शेतावरून चित्रफिती करणाऱ्या कित्येकांची कमाई एका रात्रीत गेली. आपण त्यावर चीनला धडा शिकवल्याचे अग्रलेख लिहिले.

आणि हे झाले सौम्य उदाहरण. १ जानेवारी २०२२ रोजी शंभराहून अधिक मुस्लिम स्त्रियांची छायाचित्रे टाकून त्यांचा 'लिलाव' मांडणारे 'बुल्ली बाई' हे ॲप उघडकीस आले. त्यांत पत्रकारही होत्या. मुंबई पोलिसांनी पहिल्या अटका केल्या, त्या बंगळुरूच्या एकवीस वर्षांच्या विद्यार्थ्याला आणि उत्तराखंडच्या अठरा वर्षांच्या मुलीला. आम्ही लिहिले, 'भरकटलेली तरुणाई'. स्वतःला 'ट्रॅड' म्हणवणाऱ्या, विनोद म्हणून द्वेष पसरवणाऱ्या ज्या टोळक्यांत ही मुले वावरत होती त्यांच्याविषयी मराठीत कोणी आधी अवाक्षर लिहिले नव्हते. जून २०२३ मध्ये कोल्हापूर पेटले ते मोबाईलवरच्या 'स्टेटस'वरून. शाहू महाराजांचे कोल्हापूर असे कसे झाले, यावर आम्ही रकाने भरले. ते स्टेटस काही तासांत घराघरांत पोहोचले कसे, हे कोणी शोधले नाही.

पण मला बोचते ते याहून आधीचे. १ जुलै २०१८, रविवार. धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाडा गावी आठवडी बाजार होता. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच भिक्षेकरी तिथे आले. त्यांतले बहुतेक मंगळवेढा तालुक्यातले. एका लहान मुलीशी कोणी तरी बोलले आणि मुले पळवणारी टोळी आल्याचा बोभाटा झाला. ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून जमावाने त्या पाचही जणांना ठेचून मारले. तशी अफवा देशभर हिंडत होती. ८ जूनला आसामात कार्बी आंगलाँगमध्ये दोन तरुण असेच मारले गेले होते. फिरणाऱ्या चित्रफितींपैकी एकीत मोटारसायकलवरचे दोघे रस्त्यावरचे मूल उचलून नेताना दिसत. ती मुळात कराचीतल्या एका संस्थेने मुलांच्या सुरक्षिततेसाठी केलेली जाहिरात होती. मूळ फितीत ते दोघे लगेच परत येऊन मूल सोडतात आणि फलक दाखवतात. तेवढा शेवट कोणी तरी कापला होता.

ती चित्रफीत माझ्या फोनवर राईनपाड्याच्या तीन आठवडे आधी आली होती. आमच्या सोसायटीच्या गटावर आली, गावाकडच्या नातलगांच्या गटावर आली, वर 'सावध राहा, टोळी आपल्या भागात आली आहे' असे मराठीत. मी चाळीस वर्षे बातमीत काढलेला माणूस. ती पाहिली, मूर्खपणा आहे असे मनाशी म्हणालो आणि पुढच्या संदेशाकडे वळलो. ती बातमी माझ्या तळहातावर होती. एकाच मजकुराचा संदेश गावागणिक गावाचे नाव बदलून फिरतो आहे, हे मुंबईतल्या कोणत्याही वार्ताहराला दोन दिवसांत सिद्ध करता आले असते, ते छापता आले असते. छापल्याने ते पाच जण वाचले असते असे मी म्हणत नाही. आम्ही छापले नाही एवढेच म्हणतो.

घटनेनंतर आम्ही सगळे केले. पहिले पान, अग्रलेख, भटक्या-विमुक्तांच्या प्रश्नावर विशेष पान. सरकारने व्हॉट्सॲपला पत्र पाठवले; कंपनीने वृत्तपत्रांत पानभर जाहिराती दिल्या, त्या आमच्याही पत्राला मिळाल्या. 'फॉरवर्डेड' अशी खूण आली, एका वेळी पाचांपुढे संदेश धाडता येणार नाही अशी मर्यादा भारतात घातली गेली, आणि जानेवारी २०१९ पासून तीच मर्यादा जगभर लागू झाली. साक्रीच्या बाजारात आणि तशाच इतर जागी माणसे मेली, तेव्हा ब्राझीलमधल्या माणसाच्या फोनमधला नियम बदलला. ही सगळी हकिकत आमच्या वाचकांना आम्ही इंग्रजी वृत्तसंस्थांच्या भाषांतरातून दिली.

त्या जुलैत आमच्याकडची एक तरुण वार्ताहर माझ्याकडे आली होती. ती मूळची नंदुरबारकडची. म्हणाली, "सर, मला पंधरा दिवस द्या. साक्री, नवापूरचे बाजार फिरते. मोबाईल दुकानात दहा-वीस रुपयांत मेमरी कार्ड भरून देतात, तिथं बसते. ती क्लिप मराठीत कुठं झाली ते बघू." मी तिला समजावले की पोलीस तपास चालू आहे, आरोपपत्र येऊ दे, त्यातून धागा मिळेल, शिवाय पंधरा दिवस एक माणूस मोकळा सोडणे शक्य नाही, पावसाळी अधिवेशन तोंडावर आहे. तिने मान डोलावली. वर्षभराने नोकरी सोडली. आता ती स्वतंत्रपणे काम करते, अफवा आणि बनावट चित्रफिती हाच तिचा विषय. पगार नाही, पाठीशी संस्था नाही, शिव्या मात्र रोजच्या रोज.

गेल्या महिन्यात तिचा फोन आला. राईनपाड्यावर सविस्तर लिहिते आहे म्हणाली. "सर, तुमच्या गटावर ती क्लिप आली होती म्हणालात ना तेव्हा? मराठी मजकुरासकट? तारखेसकट ती कोणाकडेच सापडत नाहीये. बघाल का?"

मी पाहिले. सोसायटीच्या गटात २०२१ च्या मागचे काही निघाले नाही. नातलगांचा गट कधीच मोडला होता. ज्या फोनवर ती आली होती, तो मी दिवाळीच्या सेलमध्ये नव्याच्या बदल्यात देऊन टाकला होता.